आराखडा तयार आहे, लोक कसे जोडू?

एका तरुण चित्रकाराने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा. कंत्राटी सफाई कामगार स्त्रियांसोबत त्यांना एक मोठं भित्तिचित्र करायचं आहे. या बायकांचा पगार महिनोन्महिने थकतो, हातमोजे आणि बूट मिळत नाहीत. आराखडा तयार आहे, भिंतीची परवानगीही मिळत आली आहे. त्यांना तीन गोष्टी हव्यात: बायकांना या कामात सहभागी कसं करून घ्यायचं, अशा चित्राने खरंच काही बदलतं का, आणि शेवटी चित्राखाली नाव कुणाचं लिहायचं.

लोकांसोबत भिंती रंगवण्याचं, कापडं शिवण्याचं आणि छोटे नाट्यप्रवेश बसवण्याचं काम मी बावीस वर्षं करते आहे. तुमच्या प्रश्नातल्या 'आराखडा तयार आहे' या तीन शब्दांपाशी मी थांबले. बाकीचे प्रश्न तिथूनच निघतात, म्हणून आधी त्याबद्दल लिहिते.

माझं पहिलं सामूहिक भित्तिचित्रही तयार आराखड्यावरच सुरू झालं होतं. झाडणाऱ्या बाईने उंच दांड्याचा खराटा झेंड्यासारखा वर धरलाय आणि मागे सूर्य उगवतोय, असं ते चित्र. आठ दिवस खपून काढलेलं स्केच मी बैठकीत जमिनीवर पसरलं. सगळ्या जणी म्हणाल्या, "छान आहे." बैठक उठताना एक वयस्क बाई माझ्याजवळ आल्या. कोपऱ्यातला खराटा त्यांनी उचलला, वरचा हात दांड्याच्या टोकाशी, अंगठा टोकावर दाबलेला, खालचा हात कमरेच्या खाली, आणि दोनदा झाडून दाखवलं. "तुमच्या चित्रासारखा धरला तर मनगट जाईल," म्हणाल्या. मग जरा थांबून म्हणाल्या, "आणि आम्ही दिवसभर उभ्याच असतो. चित्रात तरी बसवा की आम्हाला."

दोन दिवस मला ते वाक्य पचलं नाही. मग स्केच बाजूला ठेवलं आणि पुढच्या बैठकीत एवढंच विचारलं, की कामाच्या वेळात तुम्ही बसता कुठे? तासभर बोलणं चाललं. बसायला जागा नाही, साडी बदलायला आडोसा नाही, संडास नाही म्हणून सकाळपासून पाणी न पिता राहायचं, आणि त्या न प्यायलेल्या पाण्याने होणारे आजार. थकलेल्या पगाराबद्दल मला माहीत होतं. हे माहीत नव्हतं. मी विचारलं नव्हतं, आणि माझ्या आराखड्यात त्याला जागाही नव्हती. शेवटी भिंतीवर जे आलं त्यात नऊ बायका ओळीने बसल्या आहेत, खराटे मागे टेकवलेले, चपला काढून ठेवलेल्या, तळवे बघणाऱ्याकडे. तळव्यांवरच्या भेगा प्रत्येकीने स्वतः काढल्या. आपला पाय उचलून मांडीवर घ्यायचा, बघायचा आणि तशी रेघ मारायची. माझ्या हातून त्या भेगा तशा कधीच उतरल्या नसत्या. विश्रांतीच्या खोलीची मागणी संघटनेच्या निवेदनात आली ती त्या बैठकीनंतर.

म्हणून 'सहभागी करून घेणं' हा शब्दप्रयोग मला खटकतो. त्यात काम आपलं आणि त्यांनी येऊन हात लावायचा, असा अर्थ येतो. वीस बायकांनी तुमच्या रेषांच्या आत रंग भरला तर ती मजुरी झाली, तीही बहुधा बिनपगारी. ज्यांना आधीच पगार मिळत नाही त्यांच्याकडूनच. सामूहिक कलेत वाटून घ्यायचे ते निर्णय: काय दाखवायचं, काय दाखवायचं नाही, कुठे लावायचं, कुणापुढे न्यायचं, आणि 'हे आम्हाला नको' असं म्हटल्यावर काम खरंच थांबणार का. शेरी आर्नस्टीन यांनी 1969 मध्ये नागरिकांच्या सहभागाची आठ पायऱ्यांची शिडी मांडली. ती शहर नियोजनासाठी होती, पण मी ती दर प्रकल्पाच्या सुरुवातीला काढून बघते. सर्वांत खालच्या पायऱ्यांवर लोकांना नुसतं वापरून घेतलं जातं किंवा त्यांची समजूत काढली जाते, मधल्या पायऱ्यांवर माहिती दिली जाते, मत विचारलं जातं, आणि सत्ता लोकांच्या हातात येते ती वरच्या पायऱ्यांवर. 'स्केच दाखवून मत घेतलं' म्हणजे आपण मधल्या पायऱ्यांवरच आहोत.

याचा अर्थ कलाकाराने रिकाम्या डोक्याने जावं असा मुळीच नाही. कल्पना घेऊन जा, पण ती मोडता येईल अशी असू द्या. माझ्या मनात यासाठी कायम एक उदाहरण असतं. अर्जेंटिनात लष्करी हुकूमशाहीने हजारो माणसं गायब केली. मानवी हक्क संघटना हा आकडा तीस हजार सांगतात. रोदोल्फो अगेरेबेरी, हुलिओ फ्लोरेस आणि गिल्येर्मो केक्सेल या तीन कलाकारांची कल्पना अशी होती की तेवढ्याच पूर्ण आकाराच्या मानवाकृती कागदावर काढायच्या, म्हणजे त्या न असलेल्या माणसांनी किती जागा व्यापली असती ते डोळ्यांना दिसेल. ही कल्पना घेऊन ते प्लाझा दे मायोच्या मातांकडे गेले, म्हणजे त्या नावाच्या चौकात जमून आपल्या गायब मुलांचा जाब विचारणाऱ्या आयांकडे. मातांनी ती स्वीकारली, पण आपल्या अटी घालून. आकृत्या जमिनीवर पसरायच्या नाहीत, कारण जमिनीवरची आकृती म्हणजे प्रेत, आणि त्यांची मागणी होती की आमची मुलं जिवंत परत द्या. आकृत्या उभ्याच लागल्या पाहिजेत. आणि त्यांवर नावं नकोत. 21 सप्टेंबर 1983 ला, हुकूमशाही अजून संपलेली नसताना, मोर्चासाठी आलेले लोक चौकात कागदावर आडवे झाले आणि दुसऱ्यांनी त्यांच्याभोवती रेघा ओढल्या. गरोदर स्त्रियांच्या, मुलांच्याही आकृत्या झाल्या. मग लोक आपणहून त्यांवर नावं आणि तारखा लिहायला लागले. म्हणजे कलाकारांची कल्पना मातांनी बदलली आणि मातांची अट चौकातल्या लोकांनी ओलांडली. कुणी कुणाला अडवलं नाही, आणि ते काम आज लक्षात आहे ते या दोन्ही बदलांसह.

आता रचनेबद्दल. नवखे कलाकार इथे फार गोंधळतात, म्हणून जरा सविस्तर लिहिते. 'तुम्हाला वाटेल ते काढा' असं सांगितलं की लोक सूर्य, घर आणि फूल काढतात. तो दोष त्यांचा नसतो. कुणाही पुढे कोरा कागद ठेवला की हेच होतं. उलट सगळं ठरवून दिलं तर ती रंग भरायची वही होते. मधला मार्ग म्हणजे एकच नियम पक्का ठेवायचा आणि बाकी सगळं मोकळं सोडायचं. एड्सने गेलेल्यांसाठी अमेरिकेत शिवल्या गेलेल्या स्मृती-गोधडीत हा नियम होता मापाचा: प्रत्येक तुकडा तीन फूट बाय सहा फूट, साधारण एका कबरीएवढा. त्या तुकड्यावर काय शिवायचं ते ज्याचं माणूस गेलं त्याने ठरवायचं. कुणी जीन्स शिवली, कुणी टेडी बेअर, कुणी पत्रं. क्लीव्ह जोन्स यांना ही कल्पना सुचली ती 1985 च्या एका मोर्चात, मृतांच्या नावांचे कागद भिंतीवर एकमेकांना लागून चिकटवलेले पाहून. 11 ऑक्टोबर 1987 ला वॉशिंग्टनच्या नॅशनल मॉलवर ती पहिल्यांदा पसरली तेव्हा 1,920 तुकडे होते. आज ते सुमारे पन्नास हजार आहेत आणि गोधडीचं वजन 54 टन आहे. माप एक नसतं तर ते तुकडे एकमेकांना जोडताच आले नसते.

हा पक्का नियम मापाचाच हवा असं नाही. मेक्सिकोच्या मोनिका मायेर यांनी 1978 मध्ये तो एका वाक्यात ठेवला. गुलाबी कागदाच्या चिठ्ठ्या आणि त्यांवर अर्धं वाक्य: स्त्री म्हणून या शहरात मला सगळ्यात नकोशी वाटणारी गोष्ट म्हणजे... पुढचं बायकांनी लिहायचं. त्या चिठ्ठ्या कपडे वाळत घालायच्या दोरीवर चिमट्यांनी लावून कलासंग्रहालयात टांगल्या. रस्त्यावरची, बसमधली छेडछाड त्यातून ओळीने समोर आली, आणि तेही ज्या वस्तूपाशी बायकांचे तास जातात त्याच वस्तूवर. माझ्या अनुभवात चांगल्या सामूहिक कामाची निम्मी मेहनत असा एक प्रश्न शोधण्यात जाते. 'तुमच्या समस्या काय' हा प्रश्न कामाचा नाही. तो सर्वेक्षण करणारा प्रत्येक माणूस विचारून गेलेला असतो आणि त्याची ठरलेली उत्तरं असतात. 'कामाच्या वेळात बसता कुठे' याला ठरलेलं उत्तर नसतं.

माझ्या त्या पहिल्या भिंतीवरच्या बायकांसोबत पुढे आम्ही एक कापड केलं. भिंतीपेक्षा ते मला जास्त जवळचं आहे. पगार थकले होते, आणि किती दिवसांचे यावर ठेकेदाराचा आणि बायकांचा हिशेब जुळत नव्हता. हजेरीचं पुस्तक त्याच्याकडे. बायकांकडे आठवण होती, काहींच्या घरी भिंतीवर किंवा कॅलेंडरवर केलेल्या खुणा होत्या. चित्र काढायला कुणी तयार नव्हतं, पण गाठ मारणं सगळ्यांना येत होतं. नियम ठरला: जाडा लाल दोरा, पांढरं मांजरपाट, काम केलेल्या पण पगार न मिळालेल्या प्रत्येक दिवसाची एक गाठ, एकीची एक ओळ. पहिल्या दिवशी गप्पा होत्या. तिसऱ्या दिवशी बोलणं जवळजवळ थांबलं, कारण ओळ संपतच नव्हती. एक जण गाठी मारता मारता थांबल्या आणि म्हणाल्या, "ही त्या दिवसाची, मुलगा दवाखान्यात होता आणि मी कामावर गेले." मग त्या गाठीला त्यांनी निळा दोरा घेतला. दुसऱ्या दिवसापर्यंत सगळ्यांच्या ओळींत निळ्या गाठी आल्या. हा दुसरा नियम मी केलेला नव्हता.

थकबाकीच्या बोलणीसाठी बैठक झाली, तिथे संघटनेने हे कापड टेबलावर अंथरलं. थकबाकी पुढे मिळाली ती संघटनेच्या पाठपुराव्याने आणि वकिलाच्या कामाने, आणि तीही पूर्ण मिळाली नाही. कापडाने पैसे मिळवून दिले असं मी कधी सांगत नाही. पण 'काही दिवसांचं राहिलंय' हे वाक्य त्या टेबलाशी कुणाला उच्चारता आलं नाही. समोरचा माणूस बोट ठेवून गाठी मोजायला लागला आणि मध्येच थांबला. बायका ते बघत होत्या.

धोक्याबद्दल तुम्ही काही विचारलं नाही, म्हणून मीच विचारते. चित्र झाल्यावर कुणाचं काम जाऊ शकतं? तुमचं नाही. नाट्यदिग्दर्शक औगुस्तो बोआल यांनी स्वतः सांगितलेली एक आठवण आहे. 1960 च्या दशकाच्या सुरुवातीला ब्राझीलमध्ये त्यांची मंडळी शेतकऱ्यांपुढे नाटक करायची, शेवटी बंदुका उंचावून जमिनीसाठी रक्त सांडण्याची हाक द्यायची. एकदा विर्जिलिओ नावाचा शेतकरी प्रयोगानंतर आला आणि म्हणाला, चला, तुमच्या बंदुका घेऊन आमच्याबरोबर, जमीनदाराची माणसं हाकलू. बंदुका खोट्या आहेत, असं यांनी सांगितलं. हरकत नाही, आमच्याकडे सगळ्यांना पुरतील एवढ्या आहेत, तो म्हणाला. मग यांना कबूल करावं लागलं की आम्ही कलाकार आहोत, लढणारे शेतकरी नाही. तेव्हा तो म्हणाला, म्हणजे रक्त सांडायचं ते आमचं. बोआल यांनी त्यानंतर लोकांना काय करावं ते सांगणारं नाटक सोडलं. पुढे त्यांनी जो प्रकार घडवला त्यात प्रेक्षक प्रसंग थांबवतो, स्वतः रंगमंचावर येतो आणि आपल्या पद्धतीने करून बघतो.

तेव्हा प्रत्यक्षात एवढं पाळा. चेहरे ओळखू येतील असे काढायचे की नाही ते प्रत्येकीला वेगळं विचारा, गटात नको, कारण गटात नाही म्हणणं जड जातं. आणि एकदा विचारून सोडू नका. काम सुरू होताना, फोटो काढताना, बातमीदार येण्याच्या आधी, पुन्हा पुन्हा विचारा. हो म्हणालेली बाई उद्या नाही म्हणू शकते, आणि त्यासाठी भिंतीचा तेवढा भाग पुन्हा रंगवावा लागला तर तो रंगवायचा. मी दोनदा रंगवला आहे. एकदा तो चित्रातला सगळ्यात चांगला चेहरा होता. फोटो समाजमाध्यमांवर टाकण्याची घाई बहुतेक वेळा आपल्याला असते, त्यांना नसते. चिलीमध्ये 1973 च्या लष्करी उठावानंतर ज्यांची माणसं गायब झाली त्या बायकांनी गोणपाटावर चिंध्यांची चित्रं शिवली. त्यात तुरुंग होते, शोध घेत रांगेत उभ्या असलेल्या बायका होत्या, कधी गेलेल्या माणसाच्या कपड्याचाच तुकडा होता. चर्चच्या आधाराने ती चित्रं देशाबाहेर गेली आणि जगाला दिसली. त्यांतल्या बहुतेकींनी खाली नाव घातलं नाही, कारण नाव घालणं जिवावर बेतलं असतं.

आणखी एक गोष्ट कुणी आधी सांगत नाही. 'समूह' म्हणून एक माणूस नसतो. बैठकीत दोघी-तिघी बोलतात आणि बाकीच्या माना डोलावतात. मुकादमाच्या नात्यातली एखादी असते. जातीवरून, भाषेवरून बसण्याच्या जागासुद्धा ठरलेल्या असतात. एका प्रकल्पात बहुसंख्य बायकांनी ठरवलं की मैला साफ करण्याचं काम चित्रात नको, त्याने आमची बदनामी होते. ज्या चौघी ते काम करत होत्या त्या गप्प राहिल्या. मतदान घेतलं असतं तर निर्णय लोकशाही मार्गाने झाला असता आणि अन्यायाचा झाला असता. मी त्या चौघींशी वेगळी बसले. त्यांना ते काम दाखवायचं होतं, फक्त त्यात स्वतःला दाखवायचं नव्हतं. चित्रात शेवटी उघडं झाकण आणि त्याच्या कडेवर ठेवलेले, कधीच न मिळालेले, कोरे करकरीत हातमोजे आले. अशा वेळी कलाकाराने तटस्थ राहू नये असं माझं ठाम मत आहे. गटातल्या सगळ्यात कमी बोलणाऱ्या माणसाकडे वळणं हे आपलं कामच आहे.

पैशाचं थोडक्यात. अंदाजपत्रकात पहिली ओळ सहभागी बायकांच्या वेळेच्या मोबदल्याची हवी, रंगाची नंतर. सोबत येणाऱ्या मुलांना कोण बघणार हेही त्यातच लिहा. ज्याच्या विरोधात मागणी आहे त्याच्याकडून, किंवा त्याच्याशी लागेबांधे असलेल्याकडून प्रायोजकत्व घेऊ नका, रंगाचा डबासुद्धा नको. आणि भिंतीचं प्लास्टर ओलं नाही ना ते आधी बघा. पापुद्रे सुटलेलं चित्र वर्षभरात दीनवाणं दिसतं, आणि ते दिसतं त्या बायकांच्या नावाने.

दर्जाबद्दलही सांगते, कारण 'लोकांनी केलंय ना, मग चालेल' हे मला अजिबात पटत नाही. बायकांना ब्रश धरायला, रंग कालवायला, लांबून बघून पुन्हा जवळ यायला वेळ देऊन शिकवा. लॉस एंजेलिसमध्ये जुडी बाका यांनी पूर नियंत्रण कालव्याच्या भिंतीवर 2,754 फूट लांब चित्र उभं केलं. 1976 पासून अनेक उन्हाळे चारशेहून अधिक तरुण मुलं त्यावर राबली. त्यांतली बरीच मुलं पोलिस आणि बालन्यायालयांच्या फेऱ्यातली होती, एकमेकांशी वैर असलेल्या वस्त्यांमधली होती. त्या भिंतीत इतिहासाच्या पुस्तकांनी वगळलेली माणसं आहेत, आणि ती नीट रेखाटलेली आहेत. मुलांना आधी शिकवलं गेलं, मग भिंत मिळाली. शिकवणं हाही न्यायाचाच भाग आहे. ते कसब त्यांच्याकडे राहतं.

बदल होतो का? होतो, पण जिथे चित्र एखाद्या निर्णयाच्या दाराशी नेऊन पोहोचवलं जातं तिथे. बोआल 1993 ते 1996 रिओच्या नगरसभेत निवडून गेले होते. वस्त्यांमध्ये प्रसंग करायचे, प्रेक्षकांनी त्यात सुचवलेले उपाय कायद्याच्या मसुद्यात आणायचे, असं करून तेरा कायदे झाले. ह्यूस्टनच्या रिक लोव यांना एकदा त्यांच्या स्टुडिओत आलेल्या शाळकरी मुलाने सांगितलं होतं, की तुमच्या चित्रांत आमच्या वस्तीत जे चाललंय ते आहे, पण ते आम्हाला माहीतच आहे. तुम्ही कल्पक आहात तर उपाय का नाही काढत? लोव यांनी 1993 मध्ये सोबतच्या कलाकारांना घेऊन तिथल्या पडीक घरांची रांग हाती घेतली. बावीस घरं दुरुस्त झाली, काहींत कलाकार आले, काहींत एकट्या तरुण आया आपल्या मुलांसह राहून शिकू लागल्या. आपल्याकडे नवजोत अल्ताफ यांनी बस्तरच्या कोंडागावात आदिवासी कलाकारांसोबत हातपंपाभोवतीची जागा घडवली, भांडं टेकवायला जागा, सांडपाण्याला वाट. पाणी भरणाऱ्या बाईच्या पाठीला ते कळतं.

तुमच्यासाठी म्हणून मी सांगेन की संघटना नसेल तर भिंत सुरू करू नका. असेल तर पहिल्या बैठकीला स्केच न घेता जा, पहाटे कामावर जाताना त्यांच्यासोबत चार दिवस फिरा आणि हातात खराटा घेऊन बघा. चित्राचं उद्घाटन कधी करायचं ते संघटनेच्या पुढच्या बोलणीच्या तारखेवरून ठरवा. प्रकल्प संपल्यावर वर्षभर तरी तुमचा फोन त्यांच्यासाठी चालू ठेवा. अर्ज लिहायला, फोटो मागायला, भिंतीवर कुणी काही खरडलं तर सांगायला त्या फोन करतील.

आणि नावाचं. जिला हवं तिचं नाव, तिने स्वतः लिहिलेलं, तिच्या अक्षरात. लिहिता येत नसेल तर तिने पसंत केलेली खूण. क्रम पहिल्या अक्षराप्रमाणे, तुमचंही नाव त्याच ओळीत, त्याच आकारात. आमच्या पहिल्या भिंतीवर नऊ बायका आहेत आणि नावं सात. उरलेल्या दोघींपैकी एकीने चपलांच्या रांगेत आपली चप्पल काढली आहे, अंगठा तुटून दोऱ्याने बांधलेली. ती कुणाची ते त्या सगळ्यांना माहीत आहे.